आंतरजालीय सुरक्षा कॅमेऱ्यांचे संरक्षण

देखरेखीसाठी बसविलेल्या व आंतरजालाशी म्हणजेच इंटरनेटशी जोडलेल्या कॅमेऱ्यांतील दृश्ये, ती पाहण्याचा अधिकार नसलेल्या व्यक्तींना दिसू नयेत यासाठी योजावयाच्या तांत्रिक, व्यवस्थापकीय व कायदेशीर उपायांना आंतरजालीय सुरक्षा कॅमेऱ्यांचे संरक्षण असे म्हणतात. चोर वा आगंतुक यांच्यावर नजर ठेवण्यासाठी घर, दुकान, शाळा, रुग्णालय इ. ठिकाणी बसविलेला कॅमेरा योग्य काळजीच्या अभावी जगातील कोणाही अनोळखी व्यक्तीला त्याच वास्तूच्या आत डोकावू देतो, हा या विषयातील मूळ प्रश्न होय. कॅमेरा असा उघडा पडण्यास बहुधा असामान्य कौशल्याची घुसखोरी कारणीभूत नसते. कॅमेरा जोडताना बाहेरून आत येण्याची वाट मोकळी राहिलेली असते आणि तिच्यावर एक तर पहारा नसतो किंवा तेथील परवलीचा शब्द (पासवर्ड) सर्वांना ठाऊक असतो. शिवाय ज्यांची दृश्ये उघडी पडतात, ते कॅमेऱ्याचे मालक असतातच असे नाही. रुग्ण, लहान मुले, घरकामगार, गिऱ्हाईक, पाहुणे यांना कॅमेऱ्याच्या जोडणीविषयी काहीच माहिती नसते व ती सुधारण्याचा अधिकारही नसतो. त्यामुळे कॅमेऱ्याचे संरक्षण ही मालकाची इतरांप्रती असलेली जबाबदारी ठरते.

ऐतिहासिक आढावा : दूरचित्रवाणीचा देखरेखीसाठी उपयोग दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सुरू झाला. १९४२ मध्ये जर्मनीतील पेनमुंडे येथे अग्निबाणांचे उड्डाण सुरक्षित अंतरावरून पाहता यावे म्हणून वॉल्टर ब्रुख या अभियंत्याने बंदिस्त मंडलाची दूरचित्रवाणी यंत्रणा उभारली. कॅमेरा व पडदा केवळ तारेने जोडलेले असल्याने अशा यंत्रणेतील दृश्य तारेबाहेर जात नसे. सीसीटीव्ही या प्रचलित नावातील ‘बंदिस्त मंडल’ हा अर्थ येथून आला.

१९९१ मध्ये इंग्लंडमधील केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत कॉफीच्या भांड्यावर एक कॅमेरा रोखून ठेवण्यात आला. भांडे भरलेले आहे की रिकामे, हे संशोधकांना आपल्या जागेवरून कळावे इतकाच त्यामागील हेतू होता. १९९३ मध्ये ते कृष्णधवल चित्र विश्वव्यापी जालावर उपलब्ध झाले आणि जगभरातील लाखो लोकांनी ते पाहिले. हा कॅमेरा २००१ मध्ये बंद करण्यात आला. १९९६ मध्ये स्वीडनमधील ॲक्सिस कम्युनिकेशन्स या कंपनीने संगणक-जाळ्याशी थेट जोडता येणारा कॅमेरा बाजारात आणला. त्यानंतर संवेदक स्वस्त झाले, घरोघरी कायमस्वरूपी आंतरजाल जोडणी आली व स्मार्टफोनचा प्रसार झाला. या तिन्हींमुळे दुकानदाराला गावाहून दुकान व नोकरदार पालकांना कार्यालयातून घर पाहता येऊ लागले. मंडल मात्र बंदिस्त राहिले नाही. नाव जुने राहिले आणि वस्तू बदलली, ही गोष्ट अनेक ग्राहकांच्या लक्षात आलेली नाही.

रचना व कार्य : आंतरजालीय कॅमेरा हा भिंग बसविलेला एक लहान संगणकच असतो. भिंगातून आलेल्या प्रकाशाचे संवेदक विद्युत् संकेतांत रूपांतर करतो. प्रक्रियक त्या संकेतांचे एच.२६४ किंवा एच.२६५ यांसारख्या मानकानुसार संक्षेपण करतो आणि जाळ्यामार्गे ते बाहेर पाठवितो. ही सर्व कामे चालविणारी जी आज्ञावली उपकरणातच साठविलेली असते, तिला फर्मवेअर म्हणतात. कॅमेऱ्यात बहुधा एक लहान जाल-सेवकही असतो. त्याचा पत्ता न्याहाळकात टाकला असता प्रवेशाचे पान उघडते. चालू दृश्याची मागणी करण्यासाठी १९९८ मध्ये प्रमाणित झालेला आरटीएसपी हा संदेशनियम सर्रास वापरला जातो.

भारतातील दुकाने व गृहनिर्माण संस्थांमध्ये पुष्कळदा कॅमेरे साध्या तारेने एका चित्रमुद्रक पेटीला जोडलेले असतात. या पेटीला डीव्हीआर म्हणतात. अशा वेळी आंतरजालाशी संबंध केवळ पेटीचा येतो. परंतु पेटीत प्रवेश मिळाल्यास सर्व कॅमेऱ्यांची चालू दृश्ये व तबकडीवरील मागील कित्येक दिवसांचे मुद्रण एकदमच हाती लागते.

कॅमेरा उघडा पडण्याची कारणे : घरातील वा कार्यालयातील उपकरणांना राउटरकडून खाजगी स्वरूपाचे पत्ते मिळतात. १९२.१६८ या आकड्यांनी सुरू होणारे पत्ते या प्रकारचे असून ते बाहेरील आंतरजालावर चालत नाहीत. बाहेर दिसतो तो केवळ राउटरचा सार्वजनिक पत्ता. त्यामुळे नव्याने जोडलेला कॅमेरा प्रारंभी बाहेरच्यांच्या थेट आवाक्यात नसतो. तो आवाक्यात येण्याची प्रमुख कारणे पुढीलप्रमाणे आहेत.

पहिले कारण म्हणजे राउटरमध्ये मुद्दाम उघडलेले द्वार. प्रत्येक संगणकीय सेवेला द्वारक्रमांक (पोर्ट) असतो. अमुक द्वारावर येणारी मागणी आतील कॅमेऱ्याकडे पाठवावी, अशी सूचना राउटरला देता येते. तिला पोर्ट फॉरवर्डिंग म्हणतात. मालकाला फोनवर दृश्य दिसावे म्हणून कॅमेरे बसविणारा कारागीर ही सोय करून देतो. परंतु उघडलेले द्वार मालकाला ओळखत नाही. जो कोणी ते ठोठावील, त्याची मागणी कॅमेऱ्यापर्यंत पोहोचते.

दुसरे कारण म्हणजे आपोआप उघडणारे द्वार. अनेक राउटरांत यूपीएनपी नावाची सुविधा असते. तिच्यामुळे आतील उपकरण मालकाला न विचारता राउटरकडून स्वतःसाठी द्वार उघडून घेऊ शकते. अशा वेळी आपण काहीही उघडलेले नाही अशी मालकाची प्रामाणिक समजूत असते.

तिसरे कारण परवलीच्या शब्दासंबंधीचे आहे. कारखान्यातून एका नमुन्याचे सर्व कॅमेरे एकाच नावाने व एकाच परवलीच्या शब्दाने बाहेर पडत असत. तो शब्द माहितीपुस्तिकेत छापलेला असल्याने गुप्त राहत नसे. काही कॅमेऱ्यांत मुख्य पानाला परवलीचा शब्द लागतो, पण आरटीएसपी मार्गाने तो न विचारताच दृश्य मिळते.

चौथे कारण फर्मवेअरमधील दोष हे होय. दोषयुक्त फर्मवेअर असल्यास परवलीचा शब्द कितीही अवघड असला तरी तो टाळून आत जाता येते. हिकव्हिजन या चिनी उत्पादकाच्या अनेक नमुन्यांत असा एक गंभीर दोष सप्टेंबर २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला व उत्पादकाने त्यावर सुधारित फर्मवेअर दिले. तथापि असे फर्मवेअर स्वतःहून बसवून घेणारे ग्राहक थोडेच असतात.

पाचवे कारण उत्पादकाच्या मध्यस्थ सेवेशी संबंधित आहे. आजचे बरेच कॅमेरे द्वार न उघडता स्वतः उत्पादकाच्या सेवकाशी संपर्क साधतात व मालकाचा फोन त्याच सेवकामार्गे दृश्य मिळवितो. अनेक सेवादाते एकच सार्वजनिक पत्ता पुष्कळ ग्राहकांत विभागून देत असल्यामुळेही ही पद्धत रूढ झाली आहे. तीत उघड्या द्वाराचा धोका टळतो. मात्र खात्याचा परवलीचा शब्द व उत्पादकाची दक्षता या दोहोंवर सर्व भिस्त राहते. २०१९ मध्ये आयलिंकपीटूपी या अशा एका जोडणीप्रणालीत दोष आढळले. निरनिराळ्या नावांनी विकल्या गेलेल्या २० लाखांहून अधिक उपकरणांवर त्यांचा परिणाम होत होता.

उघडे कॅमेरे कसे सापडतात : ‘आपल्या लहानशा दुकानाचा पत्ता कोणाला कशाला सापडेल’, हा समज चुकीचा आहे. आंतरजालाच्या चौथ्या आवृत्तीतील पत्ते सुमारे ४२९ कोटी आहेत. माणसाला ही संख्या अवाढव्य वाटली, तरी यंत्राला ती तशी नाही. अमेरिकेतील मिशिगन विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१३ मध्ये तयार केलेल्या झेडमॅप या साधनाने, पुरेशी वेगवान जोडणी असलेल्या एकाच संगणकावरून, या पत्त्यांवरील एखादे द्वार उघडे आहे की नाही हे पाऊण तासाच्या आत तपासता येते. २००९ मध्ये सुरू झालेले शोदान हे शोधयंत्र अशा रीतीने सापडलेल्या उपकरणांची सूचीच ठेवते. संशोधक व जाळ्यांचे व्यवस्थापक यांना ही साधने दोष शोधण्यासाठी उपयुक्त असतात. तीच गैरवापरासही उपलब्ध असतात. शोध घेणारा विशिष्ट व्यक्तीला शोधत नसतो, तो उघडी द्वारे मोजत जातो. म्हणून नेहमीचा द्वारक्रमांक बदलून दुसरा ठेवणे हा संरक्षणाचा उपाय होऊ शकत नाही.

काही उल्लेखनीय घटना : अमेरिकेतील ट्रेंडनेट कंपनीच्या कॅमेऱ्यांमधील दोषाचा जानेवारी २०१२ मध्ये गैरफायदा घेण्यात आला व जवळजवळ ७०० कॅमेऱ्यांच्या चालू दृश्यांचे दुवे जालावर प्रसिद्ध झाले. त्यांत पाळण्यात झोपलेली बालके व घरात वावरणारी माणसे दिसत होती. हे कॅमेरे ‘सुरक्षित’ म्हणून विकले गेले होते. त्या देशाच्या संघीय व्यापार आयोगाने २०१३ मध्ये कंपनीवर कारवाई केली. त्यानंतरच्या तडजोडीनुसार सुरक्षा कार्यक्रम राबविणे व २० वर्षे दर दोन वर्षांनी त्याची त्रयस्थ तपासणी करून घेणे कंपनीला बंधनकारक झाले. नोव्हेंबर २०१४ मध्ये ब्रिटनच्या माहिती आयुक्तांनी, परवलीचे मूळ शब्द न बदललेल्या कॅमेऱ्यांची दृश्ये दाखविणाऱ्या एका संकेतस्थळाविषयी नागरिकांना सावध केले. तेथे अनेक देशांतील हजारो कॅमेरे चालू होते.

२०१६ मधील मिराई या उपद्रवी आज्ञावलीने या प्रश्नाची दुसरी बाजू पुढे आणली. कारखान्यात दिलेल्या नावांच्या व परवलीच्या शब्दांच्या साठाहून अधिक जोड्या एकामागून एक वापरून ती कॅमेरे, चित्रमुद्रक व राउटर ताब्यात घेत असे. एका टप्प्यावर अशी सुमारे ६ लाख उपकरणे तिच्या ताब्यात होती. २१ ऑक्टोबर २०१६ रोजी मिराईने बाधित झालेल्या उपकरणांच्या द्वारे डिन या कंपनीच्या नामसेवेवर मागण्यांचा भडिमार करण्यात आला. त्यामुळे अमेरिकेत अनेक प्रसिद्ध संकेतस्थळे काही तास दुर्लभ झाली. उघडा कॅमेरा अशा रीतीने मालकाच्या नकळत इतरांवरील हल्ल्याचे साधनही बनतो.

मार्च २०२१ मध्ये व्हर्काडा या अमेरिकन कंपनीच्या मध्यस्थ सेवेत शिरकाव झाला आणि सुमारे १ लाख ५० हजार कॅमेऱ्यांची दृश्ये घुसखोरांच्या हाती लागली. त्यांत मनोरुग्णालये, शाळा व तुरुंग यांतील कॅमेरे होते. सर्वाधिकार असलेल्या एका खात्याची ओळखचिन्हे उघड्यावर राहिल्याने हे घडले. ग्राहकांनी आपापली काळजी घेतली असती, तरी ती येथे पुरी पडली नसती.

भारतात फेब्रुवारी २०२५ मध्ये राजकोट येथील एका प्रसूती रुग्णालयातील स्त्री-रुग्णांच्या तपासणीची चित्रणे समाजमाध्यमांवर विक्रीस ठेवल्याचे उघडकीस आले. अहमदाबादच्या सायबर गुन्हे पोलिसांनी या प्रकरणी उत्तर प्रदेश व महाराष्ट्र येथून संशयितांना अटक केली. तपासणीच्या जागी कॅमेरा असावा का, हा प्रश्न या घटनेने परवलीच्या शब्दाच्याही आधी उभा केला.

संरक्षणाचे उपाय : हे उपाय महत्त्वाच्या क्रमाने पुढीलप्रमाणे सांगता येतात.

(१) जागेची निवड : जे चित्रित झालेले नाही ते उघडे पडू शकत नाही. प्रवेशद्वार, जिना, गल्ला, वाहनतळ येथे कॅमेरा युक्त असतो. शयनगृह, कपडे बदलण्याची जागा, वैद्यकीय तपासणीची खोली येथे तो नसावा. चौकटीत शेजाऱ्याची खिडकी येत असल्यास तेवढा भाग काळा करण्याची सोय अनेक कॅमेऱ्यांत असते. आवाजाच्या मुद्रणाची गरज नसेल तेथे ध्वनिग्राहक बंद ठेवावा.

(२) बाहेरून पोहोच बंद करणे : राउटरमधील यूपीएनपी बंद करावे व कॅमेऱ्यासाठी उघडलेली द्वारे मिटवावीत. बाहेरून दृश्य पाहणे आवश्यक असल्यास आभासी खाजगी जाळ्याचा म्हणजे व्हीपीएनचा मार्ग अधिक चांगला. त्यात आधी ओळख पटते, मग कूटबद्ध मार्गाने घरच्या जाळ्यात प्रवेश मिळतो आणि त्यानंतर कॅमेरा दिसतो. आंतरजालाच्या सहाव्या आवृत्तीत प्रत्येक उपकरणाला स्वतंत्र सार्वजनिक पत्ता मिळू शकतो. म्हणून तेथे बाहेरून येणारी जोडणी अडविणारी राउटरची फायरवॉल चालू असल्याची खात्री करणे अगत्याचे आहे.

(३) परवलीचा शब्द : कारखान्यातून आलेला शब्द पहिल्याच दिवशी बदलावा. नवा शब्द लांब व अन्यत्र न वापरलेला असावा. कॅमेरे बसविणाऱ्या कारागिराने ठेवलेला शब्द काम संपताच बदलावा. एकच कारागीर सर्व ग्राहकांकडे एकच शब्द ठेवीत असल्यास एका दुकानातील गळती सर्वांना भोवते. गृहनिर्माण संस्थांमध्ये परवलीचा शब्द पहारेकऱ्याच्या खोलीत पडद्याला चिकटविलेल्या चिठ्ठीवर नसावा, पदाधिकारी बदलल्यावर तो बदलावा आणि पहारेकऱ्यास केवळ पाहण्यापुरते स्वतंत्र खाते द्यावे. उत्पादकाच्या मध्यस्थ सेवेत फोनवरील संकेताक्षरासह दुहेरी ओळखतपासणीची सोय असल्यास ती अवश्य चालू करावी.

(४) फर्मवेअर अद्ययावत ठेवणे : स्वयंचलित सुधारणेची सोय असल्यास ती चालू ठेवावी. उत्पादकाने सुधारणा देणे थांबविलेला कॅमेरा भिंगाच्या दृष्टीने उत्तम असला, तरी जाळ्यावर ठेवण्यास योग्य नव्हे. कॅमेरा खरेदी करताना सुधारणा किती वर्षे मिळतील, हे किंमतीइतकेच महत्त्वाचे असते.

(५) विलगीकरण : कॅमेरे व घरातील वा कार्यालयातील संगणक यांसाठी वेगळी जाळी ठेवावीत. बहुतेक राउटरांत ‘पाहुण्यांचे जाळे’ ही सोय असते. लहान ठिकाणी तीही उपयोगी पडते. त्यायोगे एका कॅमेऱ्यातील दोष हिशेबाच्या वा रुग्णनोंदींच्या संगणकापर्यंत जात नाही.

(६) साठवण व विल्हेवाट : चित्रण आवश्यक तेवढेच दिवस ठेवावे. जुना कॅमेरा वा पेटी विकताना स्मृतिपत्रिका व तबकडी काढून घ्यावी आणि उपकरण मूळ कारखानी स्थितीत आणावे.

आपला कॅमेरा उघडा आहे काय, याची प्राथमिक तपासणी सर्वसाधारण व्यक्तीलाही करता येते. राउटरच्या व्यवस्थापन पानावर उघडलेल्या द्वारांची यादी असते, ती पाहावी. तसेच फोन घरच्या वायफायवरून काढून मोबाइल जोडणीवर आणावा व राउटरचा सार्वजनिक पत्ता न्याहाळकात टाकावा. कॅमेऱ्याचे प्रवेशपान आल्यास तो जगाला दिसत आहे असे समजावे. पान न आल्यास मात्र सर्व द्वारे बंद आहेत असे सिद्ध होत नाही. अशी तपासणी केवळ स्वतःच्या उपकरणांची करावी. दुसऱ्याच्या यंत्रणेत परवानगीवाचून शिरणे, मग तेथील परवलीचा शब्द कितीही सोपा असो, हा भारतीय कायद्यानुसार अपराध आहे.

कायदे व मानके : ग्राहकाच्या दक्षतेवर विसंबून हा प्रश्न सुटत नाही, हे मिराईच्या अनुभवानंतर सर्वत्र मान्य झाले. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याचा यासंबंधीचा कायदा १ जानेवारी २०२० पासून अंमलात आला. त्यानुसार बाहेरील जाळ्यावरून प्रवेश देणाऱ्या उपकरणाला स्वतंत्र परवलीचा शब्द असणे किंवा पहिल्या वापराआधी तो नव्याने ठरविणे आवश्यक असणे, ही वाजवी सुरक्षा समजली जाते. २०२० मध्ये एट्सी या यूरोपीय मानक संस्थेने ग्राहकोपयोगी जोडलेल्या उपकरणांसाठी ईएन ३०३ ६४५ हे मानक प्रसिद्ध केले. ब्रिटनमध्ये २०२२ च्या कायद्याच्या तरतुदी २९ एप्रिल २०२४ पासून लागू झाल्या. सर्व नगांना एकच परवलीचा शब्द देण्यास त्यांनी बंदी घातली आणि सुरक्षा सुधारणा किमान किती काळ मिळतील हे जाहीर करणे सक्तीचे केले.

भारतात केंद्र सरकारच्या इलेक्ट्रॉनिकी व माहिती तंत्रज्ञान मंत्रालयाने एप्रिल २०२४ मध्ये काढलेल्या अधिसूचनेद्वारे सीसीटीव्ही कॅमेऱ्यांसाठी सुरक्षाविषयक आवश्यक अटी ठरविल्या. एप्रिल २०२५ पासून त्या लागू झाल्या असून त्यांनुसार मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत तपासणी करून घेणे उत्पादकांना भाग आहे. माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० यातील कलम ६६-ई नुसार व्यक्तीच्या खाजगी अवयवांचे चित्र तिच्या संमतीविना, तिच्या खाजगीपणाचा भंग होईल अशा परिस्थितीत टिपणे, प्रसिद्ध करणे वा प्रसारित करणे यासाठी तीन वर्षांपर्यंत कारावास किंवा दोन लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. खाजगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांच्या पीठाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी दिला.

नव्या कायद्यांमुळे यापुढे विकले जाणारे कॅमेरे अधिक सुरक्षित होतील. भिंतींवर आधीच बसलेले कॅमेरे मात्र कायद्याने आपोआप सुधारत नाहीत. त्यांची द्वारे मिटविणे, परवलीचे शब्द बदलणे व निरुपयोगी झालेले कॅमेरे जाळ्यावरून काढून टाकणे हे काम मालक, संस्था व कॅमेरे बसविणारे कारागीर यांनाच करावे लागते. कॅमेरा कोठे बसवावा याइतकाच तो कोणाला दिसू द्यावा, हा निर्णयही बसविण्याच्या दिवशीच झाला पाहिजे.